शिक्षकांच्या नोकरीच्या केसेस घेणाऱ्या वकील मॅडम, सिव्हिल लाइन्स, नागपूर: निकालानंतरचं काम बघून दिलेला रिव्ह्यू

पाचपैकी साडेचार देतो, अर्धा का कापला ते पुढे सांगतो. शाळा न्यायाधिकरणात, म्हणजे खाजगी शाळांच्या कर्मचाऱ्यांच्या नोकरीच्या केसेस जिथे चालतात तिथे, केस जिंकून देणारे वकील नागपुरात बरेच सापडतील, पण जिंकल्यावर तो निकाल खरंच शेवटचा कधी होते, तोवर काय करायचं, कोणत्या कागदावर कोणाची पोच घ्यायची, हे पहिल्याच भेटीत सांगणारं ऑफिस मला तरी हे एकच भेटलं, आणि शिक्षकाच्या केसमध्ये अर्ध्याहून जास्त त्रास निकाल लागल्यावरच असते म्हणून एवढं लांब लिहून राहिलो.

नाव टाकत नाही. वकिलांना जाहिरात करायला बार कौन्सिलची मनाई आहे आणि मॅडमनी स्वतःच नको म्हटलं. ऑफिस सिव्हिल लाइन्समध्ये आहे, हायकोर्टातून पायी जाता येते. शिक्षक संघटनेत कोणी ओळखीचं असेल तर "शाळेच्या केसेस घेणाऱ्या मॅडम" एवढं म्हटलं तरी पत्ता मिळून जाते.

केस माझ्या मोठ्या बहिणीची. ताई एका खाजगी अनुदानित शाळेत गणित शिकवते, नागपूर जिल्ह्यातच. प्रोबेशनची दोन वर्षं केव्हाच झाली होती, शिक्षण खात्याची वैयक्तिक मान्यता होती, शालार्थ या सरकारच्या ऑनलाइन पगार प्रणालीतून पगार येत होता, आणि संस्थेत दोन गटांचं भांडण होऊन नवीन मंडळी बसल्यावर सचिवांनी तोंडी सांगून दिलं, उद्यापासून येऊ नका. ना नोटीस, ना चौकशी समिती, ना एक ओळीचा कागद. दुसऱ्या दिवशी ती गेली तर हजेरीपट कपाटात आणि कपाटाला कुलूप. मग जो भेटेल तो सल्ला द्यायला लागला. ओळखीतले एक वकील म्हणे दिवाणी कोर्टात दावा टाकू, स्टे घेऊ. शाळेतलेच एक सर म्हणे शिक्षणाधिकाऱ्यांकडे अर्ज द्या आणि शांत बसा, ते बघतात. दोन्ही सल्ले चुकीचे होते आणि दोन्ही ऐकले असते तर हातची केस गेली असती.

वकील मॅडमनी पहिला प्रश्न विचारला तो तारखेचा. कोणत्या तारखेला येऊ नका म्हटलं, आज कोणती तारीख. कारण खाजगी शाळांच्या कर्मचाऱ्यांसाठी जो १९७७ चा कायदा आहे, ज्याला सगळे एमईपीएस ॲक्ट म्हणतात, त्याच्या कलम ९ खाली अपील करायला फक्त ३० दिवस मिळतात. शिक्षणाधिकाऱ्यांकडे अर्ज केला म्हणून ते दिवस थांबत नाहीत. उशीर झाला तर माफीचा अर्ज करता येते, पण मग आधी उशिरावर भांडा आणि नंतर नोकरीवर. तोंडी काढलं तरी ते काढणंच झालं, त्यावर अपील चालते, फक्त तोंडी काढलं हे दाखवता आलं पाहिजे, म्हणून त्याच दिवशी मॅडमनी ताईकडून मुख्याध्यापकांना पत्र लिहून घेतलं की मी अमुक तारखेपासून रोज शाळेत येऊन राहिली आहे, मला सही करू दिली जात नाही, कामावर घ्या. ते रजिस्टर पोस्टाने गेलं, एक प्रत शिक्षणाधिकारी माध्यमिक यांना. पुढे सगळ्यात कामात आलेला कागद हाच, कारण संस्थेने न्यायाधिकरणात जबाब दिला की आम्ही काढलंच नाही, बाईंनीच येणं बंद केलं.

आता मुख्य मुद्दा. त्या पहिल्याच भेटीत मॅडमनी कायद्याचं पुस्तक उघडून कलम १२ ताईला मोठ्याने वाचायला लावलं. न्यायाधिकरणाचा निकाल कर्मचारी आणि व्यवस्थापन दोघांवर अंतिम आणि बंधनकारक राहील आणि त्यावर कुठल्याही कोर्टात दावा किंवा अपील चालणार नाही, असं त्यात आहे. ताई खुश झाली, म्हणजे तिथे जिंकलो की झालं. मॅडम म्हणाल्या, "ताई, हे खरं आहे आणि तुम्ही समजून राहिल्या तेवढं खरं नाही." दिवाणी दावा बंद, नेहमीचं अपील बंद, हे खरं. पण हायकोर्टाचा रिटचा, म्हणजे न्यायाधिकरणासारख्यांचा निकाल तपासायचा, अधिकार राज्यघटनेने दिलेला आहे, कलम २२६ आणि २२७, तो कोणत्या कायद्यातल्या "अंतिम" या शब्दाने जात नाही. एल. चंद्रकुमार केसमध्ये सुप्रीम कोर्टाने १९९७ सालीच सांगून ठेवलं आहे की न्यायाधिकरणांच्या निकालावर हायकोर्टाची ही नजर घटनेच्या मूळ चौकटीचा भाग आहे, काढून घेता येत नाही. म्हणून हरलेली संस्था हायकोर्टात जाणार हे धरूनच चालायचं.

आणि रिटला कायद्यात ठरावीक मुदतही नाही, वाजवी वेळेत यावं एवढंच, त्यामुळे महिना झाला कोणी काही केलं नाही म्हणजे सुटलो असं म्हणता येत नाही. हे बरेच वकील क्लायंटला सांगत नाहीत, एकतर फी घेताना कोणाला नाराज करायचं नसते किंवा त्यांनाच पुढचं काम करायचं नसते.

अपील करताना मॅडमनी एक गोष्ट अशी केली की तेव्हा ताईला राग आला होता. काढल्यानंतर ताई घरी दहावीच्या पोरांच्या ट्यूशन घेत होती. मॅडम म्हणाल्या, दुसरी नोकरी नाही हे अपिलात लिहायचं आणि ट्यूशनचे पैसे येतात हेही लिहायचं, लपवायचं नाही. त्याचं कारण २०१३ चा दीपाली गुंडू सुरवसे केसचा सुप्रीम कोर्टाचा निकाल. ती केस महाराष्ट्रातल्याच शिक्षिकेची, याच कायद्याखालची. न्यायाधिकरणाने मागचा पगार दिला होता, औरंगाबाद खंडपीठाने तो काढला आणि सुप्रीम कोर्टाने वापस दिला. त्यात म्हटलं की चुकीच्या पद्धतीने काढलं असेल तर पूर्ण मागचा पगार हा नेहमीचा नियम, फक्त कर्मचाऱ्याने मी दुसरीकडे कमावत नव्हतो हे आधी सांगायला पाहिजे, मग उलट सिद्ध करायची जबाबदारी मालकावर. आता जिथे कमाई होती तिथे ती लपवून मागाहून उलटतपासणीत बाहेर आली तर बाकीच्या खऱ्या गोष्टींवरचाही विश्वास जाते. मॅडमचं म्हणणं मला तेव्हाही पटलं होतं.

कायद्यात लिहिलं आहे की न्यायाधिकरणाने शक्यतो तीन महिन्यांत अपील निकाली काढायचा प्रयत्न करावा. तीन महिन्यांत काही होत नाही, ही अपेक्षा ठेवून जाऊ नका. पेशीवर पेशी. संस्थेचा वकील आजारी, संस्थेचा जबाब आला नाही, रेकॉर्ड आणलं नाही. मॅडमनी प्रत्येक तहकुबीला लेखी विरोध नोंदवला आणि रोजनाम्यात, म्हणजे कोर्टाच्या रोजच्या नोंदीत, तो आला का हे क्लार्ककडून तपासलं, म्हणजे पुढे कोणी म्हणू नये की उशीर ताईमुळे झाला.

निकाल लागला तेव्हा ताईला कामावर घ्या, सेवा अखंड धरा, मागचा पगार अर्धा द्या. घरी पेढे आले. दुसऱ्या दिवशी मॅडमच्या टेबलावर मात्र वेगळीच चर्चा. त्यांनी आम्हाला निकालाचा शेवटचा परिच्छेद तीनदा वाचायला सांगितला, की यात "नव्याने चौकशी करण्याची मुभा" असं कुठे आहे का बघा. तसं असतं तर संस्था तीच गोष्ट चौकशी समिती नेमून परत सुरू करू शकली असती आणि आमचा निकाल अर्धवट राहिला असता. आमच्यात तसं नव्हतं. बऱ्याच शिक्षकांना निकाल लागला एवढंच कळते, कशावर लागला ते कळत नाही. शेवटचा परिच्छेद वाचत जा, भाऊ, सगळा जीव तिथेच असते.

मग त्यांनी विचारलं, उरलेल्या अर्ध्या पगारासाठी आपण रिट करायची का? हा प्रश्न आमच्या डोक्यातच नव्हता. मॅडमनी सांगितलं की निकालाचा जो भाग तुमच्या विरोधात गेला आणि तुम्ही तो तसाच सोडला, तो तुमच्यावर अंतिम होऊन जाते, मग दोन वर्षांनी संस्था हरली म्हणून तुम्ही उठून अर्धा पगार मागू शकत नाही. पुन्हा त्याच मुद्द्यावर त्याच लोकांमध्ये केस चालत नाही, आणि जो मुद्दा तेव्हा घेता येत होता पण घेतला नाही तोही घेतला आणि हरला असंच धरतात. ताईने रात्रभर विचार केला आणि नाही म्हटलं. तिला वर्गात वापस जायचं होतं. मॅडमनी जबरदस्ती केली नाही, रिट केली असती तर त्यांना फीच मिळाली असती, तरी तुमचा निर्णय म्हणाल्या, आणि तो लेखी लिहून घेतला.

त्याच आठवड्यात हायकोर्टात कॅव्हेट टाकली. कॅव्हेट म्हणजे संस्थेने रिट टाकली तर आम्हाला ऐकल्याशिवाय स्टे देऊ नका असा अर्ज. ही ९० दिवस चालते. मॅडमच्या क्लार्कने डायरीत शेवटची तारीख लिहून ठेवली होती आणि संपायच्या आधी दुसरी टाकली, आणि संस्थेची रिट आली ती दुसऱ्या कॅव्हेटच्या काळातच. पहिली संपून दुसरी टाकलीच नसती तर काय झालं असतं याचा विचारही नको वाटते.

नकलेबद्दल पण सांगतो कारण हे कोणी सांगत नाही. निकालाची सही-शिक्क्याची नक्कल मिळते तिच्या मागे तारखा असतात, अर्ज कधी केला, नक्कल कधी तयार झाली, कधी दिली. अपिलाची मुदत मोजताना नक्कल तयार व्हायला लागलेले दिवस वजा होतात. पुढे हायकोर्टाच्या निकालानंतर मॅडमनी त्याची नक्कल उलटी करून पेन्सिलने त्या तारखांना गोल केले आणि बाजूला बेरीज मांडून दाखवली की संस्थेला सुप्रीम कोर्टात जायला कुठल्या दिवसापर्यंत वेळ आहे. ताईने त्या पानाचा फोटो काढून ठेवला आहे.

रिट सुरू झाल्यावर हायकोर्टाने मागच्या पगाराला स्टे दिला पण रक्कम कोर्टात जमा करायच्या अटीवर, आणि कामावर घ्यायला स्टे दिलाच नाही. ताई रुजू व्हायला गेली. मॅडमनी रुजू अहवालाच्या दोन प्रती करून दिल्या होत्या, एक द्यायची, दुसरीवर शिक्का घ्यायचा, शिक्का दिला नाही तर तिथेच वाद घालायचा नाही, बाहेर येऊन स्पीड पोस्ट आणि ईमेल. शिक्का नाहीच दिला. पोस्टाची पावती आणि ईमेलची प्रिंट फाइलला लागली. चौथ्या की पाचव्या दिवशी मुख्याध्यापकांनी हजेरीपट पुढे केला, तो पण नवीन पानावर सगळ्यात खाली नाव लिहून. ताईने फोन करून विचारलं खाली नाव आहे तर सही करू का, मॅडम म्हणाल्या करा, सेवाज्येष्ठता हजेरीपटाच्या ओळीवरून ठरत नाही, निकालात सेवा अखंड लिहिली आहे.

पगार मात्र अडला. एका सरकारी टेबलावर सांगितलं की रिट पेंडिंग आहे, निकाल अंतिम झाला नाही, अंतिम झाल्यावर या. २०२५ मध्ये नागपुरात शालार्थ आयडीचा घोटाळा बाहेर आल्यापासून अशा फाइलींकडे सगळेच दहादा बघून राहिले आहेत, त्यात खऱ्या शिक्षकांचीही फाइल अडकते. मॅडमनी दोन पानांचं पत्र तयार केलं, त्याचा गाभा एवढाच होता की वरच्या कोर्टात केस असणं म्हणजे स्टे नाही, स्टेचा आदेश दाखवा, नसेल तर खालचा आदेश आजच्या आज लागू आहे. सोबत स्टेचा आदेश जोडला ज्यात फक्त मागच्या पगाराबद्दल लिहिलं होतं आणि ती ओळ पिवळी केली. हे पत्र मी इथे मुद्दाम सांगून राहिलो कारण ज्या ज्या शिक्षकाला "अंतिम झाल्यावर या" म्हणून वापस पाठवतात त्याने हाच प्रश्न विचारायचा, स्टे आहे का, असेल तर कशाला आहे. पगार सुरू झाला, लगेच नाही, पण झाला.

हायकोर्टात वेळ गेला. १९४० ची ती दगडी इमारत बाहेरून कितीही देखणी असली तरी आत बोर्डावर आपला नंबर खाली खाली सरकताना बघणं फार जीवघेणं असते. उन्हाळ्याची सुट्टी, दिवाळीची सुट्टी. केसचा सोळा अंकी-अक्षरी सीएनआर नंबर टाकून ई-कोर्ट्स या कोर्टांच्या सरकारी वेबसाइटवर न्यायाधिकरणाकडची पुढची तारीख मोबाइलवर दिसायची, हायकोर्टाची तर वेबसाइटवर, त्याने निदान रोज फोन करायची झंझट वाचली. शेवटी रिट फेटाळली. संस्थेच्या वकिलांनी लगेच उभं राहून सुप्रीम कोर्टात जायला काही आठवडे स्टे चालू ठेवा म्हटलं, आणि तो मिळाला. ताई तिथेच खचली, जिंकूनही स्टे कसा. मॅडमनी आधीच सांगितलं होतं की हे मागतात आणि बऱ्याचदा मिळते, त्यामुळे निदान मी तरी हललो नाही.

इथे एक वळण असते ते थोडक्यात सांगतो. हायकोर्टात एका न्यायमूर्तींनी दिलेला निकाल कलम २२६ खाली असेल तर दोन न्यायमूर्तींसमोर लेटर्स पेटंट अपील होऊ शकते, २२७ खाली असेल तर नाही. म्हणून याचिकेच्या डोक्यावर काय लिहिलं आहे आणि कोर्टाने खरोखर कोणता अधिकार वापरला यावर मोठे मोठे वाद झाले आहेत. आमच्या केसमध्ये संस्था त्या वाटेला गेली नाही, सरळ दिल्लीला गेली, हायकोर्टाच्या निकालापासून ९० दिवसांची मुदत असते तिच्या आत.

सुप्रीम कोर्टाने संस्थेची याचिका पहिल्याच दिवशी एका ओळीत फेटाळली. आता तरी अंतिम? मॅडमचं उत्तर सरळ होतं, आणि त्यासाठीच मी हा रिव्ह्यू लिहायला बसलो. कारण न देता एका ओळीत विशेष अनुमती याचिका फेटाळली म्हणजे सुप्रीम कोर्टाने परवानगी दिली नाही एवढाच त्याचा अर्थ, हायकोर्टाचा निकाल सुप्रीम कोर्टाचा होऊन जात नाही. २००० सालच्या कुन्हायम्मद केसमध्ये हे स्पष्ट केलं आहे. म्हणून संस्था हायकोर्टातच पुनर्विलोकन (रिव्ह्यू), म्हणजे त्याच कोर्टाने आपला निकाल परत तपासावा असं, मागू शकते, कागदावर तो दरवाजा उघडा आहे, पण त्यात परत सगळी केस चालत नाही, निकालात डोळ्यांना दिसणारी चूक दाखवावी लागते. आणि पुनर्विलोकन टाकलं म्हणजे स्टे मिळाला असंही नाही. त्यापुढे क्युरेटिव्ह (सुप्रीम कोर्टाकडे शेवटची दुरुस्ती मागायची याचिका) वगैरे नावं ऐकाल, २००२ च्या रूपा हुरा केसनंतर आलेला तो फार अरुंद रस्ता आहे, त्या भीतीने कोणी घरी बसू नये. सचिव गावभर सांगून राहिले होते की आम्ही रिव्ह्यू टाकून राहिलो, बाईंना पैसे मिळू देत नाही. मॅडमनी रिव्ह्यूची वाट न बघता हायकोर्टात जमा असलेली रक्कम काढायचा अर्ज टाकला आणि संस्थेला नोटीस पाठवली की आदेश पाळा, नाहीतर अवमान याचिका. अवमानाला एक वर्षाची मुदत असते, बरेच शिक्षक आज देतात उद्या देतात म्हणत ते वर्ष घालवून बसतात. शिवाय एमईपीएस कायद्यातच कलम १३ आहे, न्यायाधिकरणाचा आदेश न पाळणाऱ्या व्यवस्थापनाला शिक्षा आणि दंड आहे, आणि कलम ११ मध्ये शिक्षकाचे पैसे संस्थेच्या अनुदानातून कापून थेट त्याला द्यावे अशी शिफारस करायचा अधिकार न्यायाधिकरणाला आहे. ही मागणी अपिलातच लिहून ठेवायची असते, मॅडमनी लिहिली होती.

जमा रक्कम व्याजासकट मिळाली. ताई आता नववी-दहावीला गणित शिकवते.

मधल्या काळात ऑफिसात बसून बाकीच्यांच्या केसेसही कानावर पडल्या. १ सप्टेंबर २०२५ च्या सुप्रीम कोर्टाच्या टीईटीच्या (शिक्षक पात्रता परीक्षेच्या) निकालानंतर तर रांगच लागली, ज्यांची पाच वर्षांपेक्षा जास्त नोकरी उरली आहे त्यांना दोन वर्षांत टीईटी पास व्हायला सांगितलं आहे ना. एक सर चिडून म्हणाले, मी त्या केसमध्ये नव्हतोच, मला कसा लागू? मॅडमनी ताईकडे बोट दाखवून समजावलं की या ताईंचा निकाल या ताई आणि त्यांची संस्था यांच्यापुरता, तिकडे सुप्रीम कोर्टाने कायद्याचा अर्थ सांगितला, तो कलम १४१ प्रमाणे सगळ्यांना लागू, तुम्ही केसमध्ये असा की नसा. सरांचा चेहरा उतरला, पण त्यांनी क्लास लावतो म्हटलं. खोटी आशा देऊन वकालतनाम्यावर सही घेतली नाही, हे मी समोर बघितलं.

फी टप्प्याटप्प्याने घेतात, न्यायाधिकरण वेगळं, हायकोर्ट वेगळं, आणि पावती देतात. स्वस्त म्हणणार नाही. न्यायाधिकरणापुरती फी ताईच्या तेव्हाच्या दीड पगाराएवढी होती. कॅव्हेटचे वेगळे पैसे लावले नाहीत. दिल्लीतल्या वकिलांची फी वेगळी, ती आधी लेखी सांगितली होती.

आता तो कापलेला अर्धा. पेशीच्या दिवशी बऱ्याचदा ज्युनियर पाठवतात आणि ज्युनियर पोरगा हुशार असला तरी क्लायंटशी बोलत नाही, तारीख पडली एवढं सांगून निघून जाते, आणि ताईसारखी बाई रजा टाकून तालुक्यातून बसने आलेली असते, तिला आत काय झालं हे कोणीतरी दोन मिनिटं थांबून सांगायला पाहिजे. मी हे मॅडमना तोंडावर सांगितलं, त्यांनी मान्य केलं, नंतर संध्याकाळी मेसेज यायला लागला, पण नेहमी नाही. फोन तर उचलतच नाहीत, मेसेज टाकून ठेवायचा, रात्री उत्तर येते. वर लिफ्ट नाही, गुडघे दुखणाऱ्यांनी लक्षात ठेवा.

जायचं असेल तर नेमणुकीचा आदेश, वैयक्तिक मान्यतेचं पत्र, शेवटची पगारपत्रकं, सेवापुस्तिकेच्या झेरॉक्स आणि काढल्याचा जो काही कागद असेल तो, नसेल तर तारीख लिहून, एवढं घेऊन जा. जिल्हा परिषदेचे आणि सरकारी शाळांचे शिक्षक असाल तर तुमचा रस्ता वेगळा आहे, कॉलेजच्या प्राध्यापकांचं न्यायाधिकरण पण वेगळं, त्या केसेस मॅडम कमी घेतात, आधी विचारून घ्या. शनिवारी दुपारी निवांत भेटतात. बाकी दिवशी कोर्ट सुटल्यानंतरच जा, सकाळी गेलात तर फक्त क्लार्क भेटेल, आणि ३० दिवसांतले दिवस कमी उरले असतील तर त्यालाच स्पष्ट सांगा, तो त्याच संध्याकाळची वेळ देते.